घरच्यांवरचा माहितीपट: पार्श्वभूमी

साताऱ्यातला किंवा सांगलीतला एखादा मुलगा आज मोबाइल समोर धरून आजीला तिच्या माहेराविषयी, भाऊबंदकीविषयी किंवा आजोबांच्या अबोल्याविषयी विचारू लागतो, तेव्हा त्याच्यामागे बराच लांबचा इतिहास असतो. कुटुंब पडद्यावर यायला वेळ लागला नव्हता. ल्युमिएर बंधूंनी १८९५ साली पॅरिसमध्ये दाखवलेल्या चित्रफितींपैकी एकीत ऑग्युस्त ल्युमिएर आणि त्यांची पत्नी तान्ह्या मुलीला भरवत आहेत. पण ते कौतुकाचे चित्रण होते. घरातला कलह कॅमेऱ्यापुढे यायला पुढे पाऊणशे वर्षे जावी लागली.

आपल्याकडे १९४८ साली माहितीपट काढणारे सरकारी खाते, फिल्म्स डिव्हिजन, स्थापन झाले आणि चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी माहितीपट दाखवणे सक्तीचे असल्यामुळे, माहितीपट म्हणजे धरणे, कारखाने, पुढाऱ्यांचे दौरे आणि वरून येणारा निवेदकाचा भारदस्त आवाज, अशीच समजूत तालुक्याच्या गावापर्यंत रुजली. त्यात ‘मी’ म्हणणाऱ्याला जागा नव्हती.

ती जागा परदेशात हलक्या उपकरणांनी करून दिली. १९६५ साली घरगुती कॅमेऱ्यांसाठीची सुपर एट फिल्म आली, पाठोपाठ खांद्याला अडकवता येणारा व्हिडिओ संच आला, आणि एकट्या माणसाला घरात चित्रण करणे शक्य झाले. घरातले प्रश्न हे राजकीय प्रश्नच आहेत, ही स्त्रीचळवळीची मांडणीही त्याच काळातली. माझ्या मते उपकरणांइतकेच श्रेय तिला द्यायला हवे. १९७४ साली अमेरिकन दिग्दर्शक मार्टिन स्कोर्सेसी यांनी एका माहितीपटासाठी न्यूयॉर्कमधल्या घरी आपल्या आईवडिलांना बोलते केले. अमेरिकेतल्याच अ‍ॅलन बर्लिनर यांच्या १९९६ सालच्या माहितीपटात त्यांचे वडील मुलाशी सतत हुज्जत घालतात, आपण साधा माणूस, यात कुणाला काय रस, असे बजावतात. आपल्याकडच्या तात्या-अण्णांचे ‘आमचं काय सांगायचं’ याहून फार निराळे नसते.

साताऱ्या-सांगलीच्या घरांत चलत्चित्र शिरले ते लग्नाच्या कॅसेटमधून. तीत मुंडावळ्या, मानपान, पंगती सगळे असते. रुसलेली आत्या मात्र संकलनात गळते. शिवाय २००५ आणि २०१९ च्या महापुरांत कृष्णाकाठच्या घरांत पाणी शिरले, तेव्हा असे कितीतरी अल्बम आणि कॅसेट भिजून गेल्या असणार.

मराठी घराच्या दृष्टीने अलीकडची दोन उदाहरणे महत्त्वाची आहेत. अर्चना अतुल फडके यांच्या २०१९ सालच्या ‘अबाउट लव्ह’मध्ये मुंबईतल्या त्यांच्याच घरातल्या तीन पिढ्या आहेत, आणि संसारात बाईने काय सोसले हे त्यात लपवलेले नाही. आनंद पटवर्धन यांच्या आपल्या आईवडिलांवरच्या, २०२३ सालच्या ‘वसुधैव कुटुंबकम्’चा धागा तर थेट या भागापर्यंत येतो, कारण त्यांचे काका अच्युत पटवर्धन बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहून साताऱ्यातल्या प्रतिसरकारच्या चळवळीशी जोडले गेले होते, आजच्या सांगली जिल्ह्याचा मोठा भाग तेव्हा साताऱ्यातच होता. प्रतिसरकारवर पोवाडे झाले, गौरवग्रंथ निघाले, परंतु भूमिगतांना रात्री-अपरात्री भाकरी करून घालणाऱ्या घरांत सासू-सुनांमध्ये, नवरा-बायकोंमध्ये काय बोलणी झाली, हे घरातल्याच कुणी विचारले तर कळणार.

चित्रणाला घरच्यांच्या संमतीचा प्रश्न या दोन माहितीपटांत सारखा नाही. पटवर्धनांनी वृद्ध आईवडिलांचे चित्रण घरगुती नोंद म्हणून सुरू केले होते आणि त्याचा माहितीपट आईवडिलांच्या पश्चात झाला. फडके यांना मात्र ज्यांच्यावर कॅमेरा रोखला त्यांच्यासोबतच राहायचे होते.