'कोंगो'पर्यंतचा प्रवास: जपानी युद्धनौकांवरची परदेशी छाप

मे १९०५ मध्ये रशियाविरुद्धच्या त्सुशिमाच्या सागरी लढाईत जपानचे ॲडमिरल तोगो यांचं निशाण 'मिकासा'वर फडकत होतं. ही बॅटलशिप, म्हणजे जाड चिलखताची आणि मोठ्या तोफांची युद्धनौका, इंग्लंडमध्ये बॅरो इथल्या व्हिकर्स कंपनीच्या गोदीत बांधलेली. त्या दिवशी जपानकडे असलेल्या तिच्या जोडीच्या तिन्ही बॅटलशिपही ब्रिटिशच. चिलखती क्रूझरांपैकी (क्रूझर म्हणजे बॅटलशिपपेक्षा हलकी युद्धनौका) 'याकुमो' जर्मनीची, 'अझुमा' फ्रान्सची, तर 'कासुगा' आणि 'निश्शिन' इटलीत अर्जेंटिनासाठी तयार होत असताना, युद्ध तोंडावर आल्यावर जपानने विकत घेतलेल्या. रशियाचा ताफा बुडवणारे खलाशी जपानी होते, पण त्यांच्या पायाखालचं पोलाद युरोपातून आलेलं होतं.

सुरुवातीला जपानचा ओढा फ्रान्सकडे होता. एमिल बर्तँ हा फ्रेंच नौदल अभियंता १८८६ ते १८९० जपानमध्ये सल्लागार होता. चीनकडे जर्मनीत बांधलेल्या दोन जडशीळ युद्धनौका होत्या, आणि तेवढी मोठी जहाजं घेण्याइतका पैसा जपानकडे नव्हता. बर्तँने तोडगा काढला: जेमतेम ४,२०० टनांचं क्रूझर आणि त्यावर ३२० मिलिमीटर व्यासाच्या नळीची एकच प्रचंड तोफ. 'मात्सुशिमा' आणि तिच्या दोन भगिनी, म्हणजे त्याच प्रकारची जहाजं, अशा जन्मल्या. पण ही तोफ बाजूला वळवली की तिच्या वजनाने जहाजच कलायचं आणि नेम चुकायचा. १८९४ मध्ये चीनविरुद्धच्या यालूच्या लढाईत या तोफांमधून मोजकेच गोळे सुटले. खरं काम केलं ते भराभर मारा करणाऱ्या मध्यम तोफांनी. तरी बर्तँला मोडीत काढणं अन्यायाचं ठरेल. कुरे आणि सासेबो इथले नौदल तळ उभे करण्यात त्याचा मोठा हात होता, आणि पुढची काही जहाजं तिथेच घडली.

मोठ्या बॅटलशिपसाठी मात्र जपानने आधीच ब्रिटनची वाट धरली होती. १९०२ च्या मैत्रीकरारानंतर ही जवळीक आणखी घट्ट झाली.

'सात्सुमा' या बॅटलशिपची कहाणी मला चटका लावून जाते. मे १९०५ मध्ये, म्हणजे ब्रिटनच्या 'ड्रेडनॉट' या बॅटलशिपच्या काही महिने आधी, योकोसुकाला तिची बांधणी सुरू झाली. आराखड्यात बारा इंची बारा तोफा होत्या. पण पैशाची चणचण आणि तोफांसाठी परदेशावर अवलंबून राहणं, यामुळे शेवटी चारच बारा इंची तोफा बसल्या, बाकीच्या दहा इंची. सगळ्या मोठ्या तोफा एकाच मापाच्या असलेली जगातली पहिली बॅटलशिप जपानची ठरू शकली असती, तो मान 'ड्रेडनॉट'ला गेला.

मग १९११ मध्ये बॅरोला 'कोंगो'ची बांधणी सुरू झाली. हे बॅटलक्रूझर, म्हणजे बॅटलशिपसारख्या मोठ्या तोफांचं पण जास्त वेगवान जहाज, व्हिकर्सच्या जॉर्ज थर्स्टन यांनी आखलेलं, त्यावर आठ चौदा इंची तोफा. त्या काळी जगात एवढ्या ताकदीचं बॅटलक्रूझर दुसरं नव्हतं. या व्यवहारात जहाजासोबत विद्याही यायची होती. जपानी अभियंते बॅरोला राहून बांधणी पाहत होते, शिकत होते, आणि त्याच नकाशांवरून तीन भगिनी मायदेशी बांधायच्या होत्या. 'हिएई' योकोसुकाच्या सरकारी गोदीत झाली. तिचं जवळपास तीस टक्के सामान अजून ब्रिटनहून येत होतं. 'हारुना' कोबेला कावासाकीकडे आणि 'किरिशिमा' नागासाकीला मित्सुबिशीकडे दिली गेली. एवढी मोठी जहाजं प्रथमच खासगी गोद्यांच्या हाती आली होती. दोन्ही एकाच दिवशी, १९ एप्रिल १९१५ ला, नौदलात दाखल झाल्या.

याला लोक सर्रास 'नक्कल' म्हणतात. मला तो शब्द पटत नाही. नक्कल करणारा मूळ नमुना समोर ठेवून थांबतो. जपानने नमुन्यासोबत कारागिरीच उचलली. ही शिकवणी स्वस्तात मात्र झाली नाही. 'कोंगो'च्या कंत्राटातली लाचखोरी १९१४ मध्ये उघडकीस आली आणि पंतप्रधान यामामोतो गोंबेई यांचं मंत्रिमंडळ कोसळलं.

१९१७ मध्ये कुरेला 'नागातो' या बॅटलशिपची बांधणी सुरू झाली, ४१ सेंटिमीटरच्या तोफांची. तिच्या आराखड्याशी ज्यांचं नाव जोडलं जातं ते युझुरु हिरागा जहाजबांधणीचं उच्च शिक्षण घेऊन आले होते ते लंडनमधल्या ग्रिनिचहून.