ज्येचा 'साइन' कसा झाला? अर्थ लावण्याच्या जुन्या प्रश्नाची पार्श्वभूमी

यंत्राला भाषा समजते, की ते नुसते शब्दापुढे शब्द ठेवत जाते, यावर सध्या हिरिरीने वाद चालू आहे. यंत्र नवे असले तरी वाद जुनाच आहे. अर्थ शब्दात भरलेलाच असतो, की ऐकणाऱ्याने पदरचे काही घालून तो उभा करायचा असतो? माझा कौल दुसऱ्या बाजूला आहे. तो का, हे सांगायला बरेच मागे जावे लागेल.

वेदातल्या शब्दांची फोड करणाऱ्या यास्काच्या 'निरुक्त' या प्राचीन ग्रंथात कौत्स नावाच्या आचार्याचा आक्षेप नोंदलेला आहे. वेदमंत्रांना अर्थच नाही, असे कौत्स म्हणतो. मंत्रातला शब्द बदलता येत नाही, क्रम हलवता येत नाही, काही शब्दांचा उलगडा होत नाही आणि काही वचने परस्परांना छेद देतात, ही त्याची कारणे. यास्काचे उत्तर प्रसिद्ध आहे: आंधळ्याला खांब दिसला नाही, तर तो खांबाचा अपराध नव्हे. उत्तर सडेतोड आहे खरे, पण मला कौत्साचा आक्षेपही तितकाच मोलाचा वाटतो. पाठांतर हे त्या काळचे सर्वांत पक्के तंत्र होते. त्याने स्वर आणि अक्षर जसेच्या तसे पुढच्या पिढीकडे पोचवले, आणि तरीही काही शब्दांचा अर्थ वाटेत गळाला. तो टिकवायला निरुक्तासारखे वेगळे शास्त्र उभे करावे लागले.

पुढच्या शतकांत वेदवाक्यांचा अर्थ लावणारे मीमांसक, वैयाकरण आणि साहित्यशास्त्री या प्रश्नाच्या मागेच लागले. त्यांच्या चर्चेत एक वाक्य पुन्हा पुन्हा येते: 'सैंधव आण.' सैंधव म्हणजे मीठ आणि सैंधव म्हणजे सिंधुदेशचा घोडाही. जेवणाच्या पानावरून हाक आली तर मीठ न्यायचे, निघायच्या तयारीत आली तर घोडा. शब्द तोच, निवाडा प्रसंगाचा. काव्यशास्त्रकार मम्मटाने 'काव्यप्रकाशा'त याच्याही पुढचे उदाहरण घेतले: 'सूर्य मावळला.' यात दोन अर्थांचा एकही शब्द नाही. तरीही सेनापतीला ते चढाईचा इशारा वाटते, मजुराला काम थांबवायची खूण, गुराख्याला गुरे आत घेण्याची वेळ, दुकानदाराला माल आवरण्याची, आणि वाट पाहणाऱ्या प्रेयसीला प्रियकर अजून आला नाही याची टोचणी. कोशातला अर्थ सगळ्यांना सारखाच कळला, पण प्रत्येकाने उचलले ते वेगळेच. अर्थ ऐकणाऱ्याकडे पुरा होतो हे याहून नेमके सांगणारे उदाहरण मला दुसऱ्या कोणत्या परंपरेत सापडलेले नाही.

ऐकणारा दुसऱ्या भाषेतला असला की काय होते, हे एका शब्दाच्या प्रवासात स्वच्छ दिसते. धनुष्याच्या दोरीला संस्कृतात 'ज्या' म्हणतात. वर्तुळाचा कंस म्हणजे चाप आणि त्याची दोन टोके जोडणारी रेघ म्हणजे ज्या किंवा जीवा, ही प्रतिमा आपल्या गणितात पक्की बसलेली होती. आर्यभटाच्या ४९९ सालच्या ग्रंथात अर्धज्येचे, म्हणजे अर्ध्या जीवेचे, मोजमाप आहे. वापरता वापरता 'अर्ध' गळले आणि नुसती 'ज्या' उरली. हे गणित अरबीत गेले तेव्हा तिथल्या पंडितांनी शब्दाचे भाषांतर न करता जीवाचा ध्वनीच उचलला आणि 'जीबा' केला. अरबी लिपीत ऱ्हस्व स्वर सहसा लिहीत नाहीत. कागदावर उरली तीन अक्षरे, ज, य आणि ब. पुढच्या वाचकाला 'जीबा' हा शब्द ओळखीचा नव्हता, 'जैब' मात्र रोजचा होता. जैब म्हणजे कपड्याची छातीवरची घडी. हिंदीतली 'जेब' तिथूनच आलेली. बाराव्या शतकात अरबी गणित लॅटिनमध्ये नेणाऱ्यांनी घडीला त्यांच्या भाषेतला शब्द दिला, सायनस. त्याचाच पुढे साइन झाला.

यात निष्काळजी असा कोणीच नव्हता. प्रत्येकाने समोर जे होते त्याचा आपल्या भाषेत बसेल असा प्रामाणिक अर्थ लावला. वाटेत धनुष्य हरवले, दोरी हरवली, पण गणित तसूभरही बिघडले नाही, कारण शब्दाबरोबर आकृती आणि कोष्टक चालत होते. शाळेतल्या मराठी भूमितीत वर्तुळाची जीवा आजही जीवाच आहे आणि त्रिकोणमितीत 'साइन' परकीय पाहुण्यासारखा येतो. दोघे एकाच घरचे आहेत हे मुलांना कोणी सांगितले, तर किती बरे होईल!

शब्दाला आकृतीचा आधार नसतो तिथे मात्र हीच घडामोड महागात पडते. ६ फेब्रुवारी १८४० रोजी न्यूझीलंडमध्ये वाइतांगीचा करार झाला. ब्रिटिशांचा इंग्रजी मसुदा हेन्री विल्यम्स या मिशनऱ्याने मुलाला हाताशी घेऊन एका रात्रीत तिथल्या मूळ रहिवाशांच्या माओरी भाषेत आणला. इंग्रजीत माओरी प्रमुख सार्वभौमत्व राणीच्या हवाली करतात. माओरीत तिथे शब्द आहे 'कावानातांगा'. 'गव्हर्नर'चे माओरी रूप 'कावाना', त्यावरून बनवलेला हा शब्द. म्हणजे कारभार पाहण्याचा अधिकार. दुसऱ्या कलमात प्रमुखांना 'तिनो रांगातिरातांगा', म्हणजे आपल्या भूमीवर, गावांवर आणि सगळ्या मोलाच्या गोष्टींवर पूर्ण अधिपत्य, राहील असे आश्वासन. माओरी वाचणाऱ्याला वाटले, कारभारी येतोय, धनी आपणच. इंग्रजी वाचणाऱ्याला वाटले, धनीपण मिळाले. पाचशेहून अधिक प्रमुखांनी करार मान्य केला, त्यातल्या बहुतेकांनी माओरी प्रतीवर. जमिनी गेल्या, लढाया झाल्या. शेवटी १९७५ साली न्यायाधिकरण नेमले गेले आणि दोन्ही संहिता मिळून कराराचा अर्थ काय, हे ठरवण्याचा अधिकार कायद्याने त्याला दिला. दोन शब्दांतल्या अंतरावरचा तो झगडा अजून मिटलेला नाही.

युरोपात याच्या थोडे आधी फ्रीडरिख श्लायरमाखर हा जर्मन तत्त्वज्ञ सांगत होता की गैरसमज हा अपवाद नसून तो आपसूक होतो. समजून घेणे मात्र दर पावलाला मुद्दाम करावे लागते. वाइतांगीसारखी प्रकरणे वाचली की हे वाक्य नुसते तत्त्वज्ञान राहत नाही.

मग तार आली आणि संदेश माणसाच्या आधी पोचू लागला. त्या तंत्राचा गणिती पाया क्लॉड शॅनन या अमेरिकी गणितज्ञाने १९४८ साली घातला, आणि सुरुवातीलाच साफ सांगून टाकले की संदेशाला अर्थ असतो, पण अभियंत्याच्या कामाशी त्याचा संबंध नाही. एका टोकाला निवडलेली चिन्हे दुसऱ्या टोकाला बिनचूक उमटली की काम झाले. कौत्साची आठवण यावी असेच हे आहे. फोनपासून इंटरनेटपर्यंत सारे याच पायावर उभे आहे, आणि म्हणूनच पोचणे आणि कळणे यांतली फारकत आज आपल्या हातातल्या पडद्यावर रोज दिसते.

अर्थ बाजूला ठेवलेल्या यंत्राकडूनच भाषांतर करून घ्यायचा घाट लगेच घातला गेला. ७ जानेवारी १९५४ रोजी न्यूयॉर्कमध्ये आयबीएम आणि जॉर्जटाउन विद्यापीठाने साठाहून अधिक रशियन वाक्ये यंत्राकडून इंग्रजीत करून दाखवली. शब्द २५०, नियम ६. काही वर्षांत प्रश्न सुटेल असे बोलले गेले. यंत्र-भाषांतरावर काम करणाऱ्या येहोशुआ बार-हिलेलने १९६० साली एका साध्या वाक्यावर बोट ठेवले. लहान मुलगा खेळण्यांची पेटी शोधतो आहे आणि ती 'पेन'मध्ये सापडते. इंग्रजीत पेन म्हणजे लेखणी, आणि मुलांना खेळायला केलेले कुंपणही. पेटी लेखणीत मावत नाही हे यंत्राला कोण सांगणार? सैंधवाचाच पेच तो. १९६६ साली अमेरिकी तज्ज्ञ समितीचा निराशाजनक अहवाल आला आणि पैसा आटला.

त्याच वर्षी संगणकशास्त्रज्ञ जोसेफ वायझेनबामचा 'एलिझा' हा गप्पा मारणारा संगणक-प्रोग्रॅम प्रसिद्ध झाला. समोरच्याचेच वाक्य थोडे उलटवून तो प्रश्न विचारी, इतकेच. वायझेनबामच्या स्वतःच्या सचिवाला हे ठाऊक होते. तरी एलिझाशी बोलायला बसल्यावर तिने वायझेनबामला खोलीबाहेर जायला सांगितले. माझ्या दृष्टीने या सगळ्या इतिहासातला हा कळीचा प्रसंग आहे. तिकडे अर्थ नव्हता, तो तिने पुरवला.

आजची यंत्रे वेगळ्या वाटेने आली. शब्दाची ओळख त्याच्या संगतीवरून होते, असे भाषाशास्त्रज्ञ जे. आर. फर्थने १९५७ साली म्हटले होते. प्रचंड मजकुरातून शब्दांची ही संगत आकड्यांत पकडण्याचे तंत्र २०१३ नंतर झपाट्याने वाढले. त्यामुळे बार-हिलेलची पेटी आता यंत्र बहुधा बरोबर जागी ठेवते. हे यश खरे आहे आणि ते नाकारण्यात अर्थ नाही. पण मम्मटाच्या उदाहरणातले गुराखी आणि प्रेयसी यांना जे कळले, ते वाक्याच्या संगतीत नव्हते. ते त्यांच्या त्या संध्याकाळच्या आयुष्यात होते.

ऐकणारा अजून जन्मलाच नसेल तर? अमेरिकेत न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात, जमिनीखाली सहाशे मीटरहून खोल मिठाच्या थरात, किरणोत्सारी कचरा पुरला जातो. इथे खणू नका, हे दहा हजार वर्षांनंतरच्या माणसाला कसे सांगायचे, यावर भाषाशास्त्रज्ञ, मानववंशशास्त्रज्ञ आणि अभियंते एकत्र बसले. किरणोत्साराची तीन पात्यांची खूण आपल्या ओळखीची, पण ती पाहून पळावे असे तिच्यात काही नाही. २००७ साली आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने कवटी आणि धावणारा माणूस असलेली नवी खूण जोडीला आणली, तीही ११ देशांत लोकांना दाखवून पारखल्यावर. वाळवंटातल्या दगडांवर इशारा सात भाषांत कोरायचा बेत आहे. संयुक्त राष्ट्रांच्या सहा भाषा आणि त्या भागातली नावाहो. शिवाय या भाषा कोणाला वाचता येईनाशा होण्याआधी कोणीतरी येऊन तोच इशारा आपल्या भाषेत कोरावा, म्हणून दगडावर काही जागा कोरी ठेवायची आहे.