मुख्याध्यापकपदाची सेवाज्येष्ठता: पात्रता, कागदपत्रे आणि डावलले गेल्यास दाद

मुंबईतल्या खासगी शाळेत मुख्याध्यापक निवृत्त झाले की स्टाफरूममध्ये पहिला प्रश्न येतो, ‘आता कोण?’ याचे उत्तर संस्थाचालकांच्या मर्जीवर नाही. महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ आणि त्याखालची १९८१ची नियमावली ते ठरवते. महापालिकेच्या स्वतःच्या शाळांना हा कायदा लागू नाही.

नियम ३नुसार माध्यमिक शाळेचा मुख्याध्यापक होण्यासाठी पदवी आणि बी.एड. लागते. शिवाय पदवीनंतर पाच वर्षांचा पूर्णवेळ अध्यापनाचा अनुभव हवा आणि त्यातली किमान दोन वर्षे बी.एड.नंतरची हवीत. या अटी पूर्ण करणाऱ्यांपैकी जो सर्वांत ज्येष्ठ आणि ज्याचा सेवेचा अभिलेख समाधानकारक, त्याची नेमणूक करावी लागते. संस्थेच्या परळ, दादर आणि भांडुपला तीन शाळा असतील तर ज्येष्ठता तिन्ही शाळांची मिळून पाहिली जाते. दिवसशाळांच्या या हिशेबात रात्रशाळा धरत नाहीत.

बहुतेक वाद पेटतात ते ज्येष्ठता कोणत्या तारखेपासून मोजायची यावर. ‘मी आधी लागलो, म्हणून मी ज्येष्ठ’ हे माध्यमिक शाळेत नेहमीच खरे नसते. नियमावलीच्या अनुसूची ‘फ’मध्ये शिक्षकांचे प्रवर्ग उतरत्या क्रमाने दिले आहेत. पदवीधर आणि बी.एड. असलेले शिक्षक ‘क’ प्रवर्गात येतात. समजा, एक शिक्षिका २००४ साली डी.एड.वर लागल्या आणि २०१२ साली पदवीधर-बी.एड. झाल्या. दुसरे शिक्षक २००८ साली बी.एड. घेऊनच रुजू झाले. ‘क’ प्रवर्गात दुसरे शिक्षक आधी आले, त्यामुळे यादीत ते वर येतात. बाईंना हे अन्यायाचे वाटेल, आणि आठ वर्षे वर्ग सांभाळलेल्या माणसाला तसे वाटणे मी समजू शकतो, पण नियम प्रवर्गात आल्याची तारीख पाहतो. दोघांची एकाच प्रवर्गातली तारीख एकच असेल, तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. प्राथमिक शाळांचा निकष वेगळा आहे: तिथे विहित अर्हता मिळाल्यापासूनची सलग सेवा धरतात.

म्हणून ज्येष्ठता यादीकडे पद रिकामे होण्याआधीच लक्ष द्या. नियम १२नुसार संस्थेने ती तयार करून सर्वांना दाखवायची असते आणि प्रत मिळाल्याची सही घ्यायची असते. यादी चुकीची वाटली तर सहीखाली ‘हरकतीस अधीन’ असे लिहा, वेगळा हरकत अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या. संस्थेने ऐकले नाही तर आपापसांतल्या ज्येष्ठतेचा वाद शिक्षणाधिकाऱ्यांकडे जातो. मुंबईत माध्यमिक शाळांसाठी हे काम विभागाचे शिक्षण निरीक्षक पाहतात. वर्षानुवर्षे मुकाट्याने सही केलेली यादी पुढे तुमच्याच विरोधात उभी राहते.

कागदांत सर्वांत मोलाचे म्हणजे नेमणूक आदेश, वैयक्तिक मान्यतेची (शिक्षण खात्याने तुमच्या नेमणुकीला दिलेल्या मंजुरीची) पत्रे, पदवी आणि बी.एड.च्या निकालाची तारीख दाखवणाऱ्या गुणपत्रिका, सेवापुस्तकाच्या साक्षांकित प्रती आणि आजवरच्या सगळ्या ज्येष्ठता याद्या. सेवापुस्तकात बी.एड.ची नोंद आहे का, हे आजच पाहा. मान्यतेच्या प्रस्तावासाठी संस्थेला नेमणुकीचा ठराव आणि आधीच्या मुख्याध्यापकांच्या निवृत्तीचे कागदही जोडावे लागतात.

ज्येष्ठ शिक्षकाला पद नको असेल तर त्याने स्वेच्छेने, लेखी हक्क सोडायचा असतो. दबावाखाली अशा कागदावर सही करू नका. त्या वेळच्या पदासाठी सोडलेला हक्क परत मिळवणे फार अवघड जाते, मात्र पुढे पद पुन्हा रिकामे झाले तर नियम ३नुसार तुमचा विचार व्हायला त्याची आडकाठी येत नाही.

डावलले गेलात तर कलम ९खाली शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते, कारण पदोन्नतीत डावलणे हे अपिलाचे कारण म्हणून तिथे स्पष्ट नमूद आहे. मुदत ३० दिवसांची. सबळ कारण दाखवले तर उशीर माफ होऊ शकतो, पण त्या भरवशावर राहू नका. ‘साहेब बघतो म्हणालेत’ म्हणून थांबण्यात मुदत सरते. अपिलासोबत आपली ज्येष्ठता दाखवणारे कागद, दिलेल्या हरकतींच्या पोच आणि दुसऱ्याची नेमणूक झाल्याचा पुरावा जोडा. गोपनीय अहवालाचे (संस्थेने तुमच्या कामाबद्दल ठेवलेल्या वार्षिक अहवालाचे) कारण पुढे केले गेले, तर प्रतिकूल शेरे तुम्हाला वेळेवर लेखी कळवले होते का, हा मुद्दा जरूर घ्या. न्यायाधिकरणाच्या निकालावर पुढे मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते.

अल्पसंख्याक शाळांतल्या शिक्षकांनी मात्र खर्च करण्याआधी एक गोष्ट तपासावी. कलम ३(२)नुसार अशा शाळेच्या मुख्याध्यापकाच्या भरतीला हा कायदा लागू होत नाही. सर्वोच्च न्यायालयानेही २००६ साली मलंकारा सीरियन कॅथलिक कॉलेजच्या प्रकरणात सांगितले, की अल्पसंख्याक संस्थेला आपल्या पसंतीचा पात्र प्रमुख निवडता येतो, ज्येष्ठता तिच्यावर बंधनकारक नाही. तेव्हा शाळेला अल्पसंख्याक दर्जा आहे का आणि तो कधीपासून आहे, याचे प्रमाणपत्र आधी मागून घ्या.