ऑलिम्पिकच्या आधीचे वेनलॉक

आधुनिक ऑलिम्पिकची गोष्ट १८९६ चे अथेन्स आणि फ्रान्सचे पिएर द कुबर्तां यांच्यापासून सांगायची पद्धत पडली आहे. तिची एक मोठी मुळी मात्र इंग्लंडच्या श्रॉपशायरमधल्या मच वेनलॉक या छोट्या गावात, एका डॉक्टरच्या खटपटीत सापडते.

विल्यम पेनी ब्रुक्स १८०९ साली याच गावात जन्मले. वडील डॉक्टर. लंडन, पॅरिस आणि इटलीतल्या पादुआत शिकून ते १८३१ मध्ये घरी परतले आणि वडिलांची प्रॅक्टिस चालवू लागले. तेव्हाची बरीचशी औषधे झाडपाल्याचीच, त्यामुळे वनस्पती ओळखणे हा धंद्याचाच भाग होता. ब्रुक्सना त्याचा नाद लागला आणि वाळवलेल्या वनस्पतींचा संग्रह वाढत गेला.

त्यांचे रुग्ण म्हणजे शेतमजूर आणि आसपासच्या चुनखडीच्या खाणींवर राबणारी माणसे. त्यांच्या हाती पुस्तके पडावीत म्हणून ब्रुक्सनी १८४१ मध्ये शेतकरी-कष्टकऱ्यांसाठी वाचन मंडळ काढले. मंडळाला हळूहळू कला, संगीत, वनस्पतिशास्त्र असे वर्ग जोडले गेले. त्यातलाच एक १८५० चा, व्यायाम आणि खेळांसाठीचा ‘ऑलिम्पियन वर्ग’. म्हणजे ऑलिम्पिकचे हे रोपटे आखाड्यात नाही, वाचनालयात रुजले. मला हीच या गोष्टीतली सर्वांत गमतीची बाब वाटते.

पहिले सामने त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये झाले. नाव ग्रीक, पण थाट गावच्या जत्रेचा: धावणे आणि उड्यांबरोबर क्रिकेट, फुटबॉल, पुढे तर डोळे बांधून ढकलगाडीची शर्यत आणि पाऊंडभर चहाच्या बक्षिसासाठी म्हाताऱ्या बायकांची शर्यतसुद्धा. ब्रुक्सचा आग्रह एकच, मैदान सर्व थरांतल्या माणसांना खुले हवे.

हाच आग्रह पुढे अडचणीचा ठरला. १८६५ मध्ये ब्रुक्स आणि लिव्हरपूल व लंडनच्या सहकाऱ्यांनी राष्ट्रीय ऑलिम्पियन संघटना स्थापली. पुढच्या वर्षी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसवर तिचे सामने भरले. तिथे ४४० यार्ड अडथळा शर्यत जिंकली पुढे क्रिकेटमध्ये गाजलेल्या, तेव्हा अठरा वर्षांच्या डब्ल्यू. जी. ग्रेस यांनी. लंडनच्या ओव्हल मैदानावर नाबाद २२४ धावा काढून, चालू क्रिकेट सामन्यातून परवानगी घेऊन ते पळायला आले होते! पण त्याच सुमारास लंडनच्या उच्चभ्रूंनी वेगळा हौशी ॲथलेटिक क्लब काढला आणि कारागीर-मजुरांना स्पर्धेतून वगळणारी व्याख्या केली. डॉक्टरांच्या संघटनेला त्यापुढे फार बळ उरले नाही.

ग्रीसशी संबंध मात्र त्यांनी सोडला नाही. १८५९ च्या अथेन्समधल्या स्पर्धेसाठी त्यांनी दहा पौंडांचे बक्षीस पाठवले होते. १८७७ मध्ये ग्रीसच्या राजाकडून श्रूजबरीच्या सामन्यांसाठी चांदीचा चषक आला. १८८० च्या दशकात आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक भरवावे म्हणून त्यांनी ग्रीक सरकारकडे प्रयत्न केले, ते फळले नाहीत. १८९० मध्ये तरुण कुबर्तां वेनलॉकला आले. ऐंशी पार केलेल्या डॉक्टरांनी त्यांच्यासाठी खास सामने भरवले. ‘ऑलिम्पिक आज जिवंत आहे ते कुणा ग्रीकामुळे नव्हे, डॉ. ब्रुक्स यांच्यामुळे’ अशा अर्थाचे कुबर्तांनी तेव्हा लिहिले. नंतर ही आठवण त्यांच्याकडून फारशी निघाली नाही.

ऑलिम्पिक पुन्हा सुरू करायचे ठरवणाऱ्या १८९४ च्या पॅरिस परिषदेचे बोलावणे ब्रुक्सना आले, पण प्रकृतीमुळे जाता आले नाही. डिसेंबर १८९५ मध्ये ते वारले. अथेन्सचे सामने चार महिन्यांनी सुरू झाले. १९९४ मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचे अध्यक्ष सामारांच यांनी त्यांच्या कबरीवर पुष्पचक्र वाहिले. २०१२ च्या लंडन ऑलिम्पिकने आपल्या एकडोळ्या शुभंकराला ‘वेनलॉक’ नाव दिले. गावातले सामने अजूनही दर उन्हाळ्यात होतात.