भूमिगत कार्बन साठवण आणि मॉडेलच्या कडेचा प्रश्न

कार्बन डायऑक्साइड हवेत न सोडता खोल खडकात साठवण्याची नवी जागा जाहीर झाली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: वायू पुन्हा वर येईल का? प्रश्न रास्त आहे. पण मोठ्या प्रकल्पांच्या नोंदी चाळल्या तर काम पुनःपुन्हा अडलेले दिसते ते दाबामुळे. खडकातली छिद्रे आधीच खाऱ्या पाण्याने भरलेली असतात. तुडुंब हंड्यात आणखी ओतायचे तर आतले पाणी कुठेतरी सरकायला हवे. ते किती आणि कुठवर सरकते यावर साठवणीचे गणित ठरते. संगणकी मॉडेलमध्ये खडकाचे लहान खोक्यांचे (सेलचे) जाळे, म्हणजे ग्रिड, मांडतात. याचा निकाल त्या ग्रिडच्या कडेला लागतो, आणि या कडेकडे सुरुवातीची बरीच वर्षे फार थोड्यांचे लक्ष होते.

तंत्र आले तेलाच्या धंद्यातून. १९७२ पासून टेक्सासमध्ये जुन्या क्षेत्रांतले उरलेले तेल काढण्यासाठी कार्बन डायऑक्साइड मोठ्या प्रमाणावर जमिनीत सोडला जाऊ लागला. तिथे एकीकडून वायू आत जातो, दुसरीकडून तेल आणि पाणी बाहेर येते, त्यामुळे दाब बऱ्याच अंशी आटोक्यात राहतो. हवामानासाठी हा वायू पकडून दूर ठेवावा, ही सूचना १९७७ मध्ये आली, पण तेव्हा तो खोल समुद्रात सोडायचा विचार होता. ज्यातून काहीच बाहेर काढायचे नाही अशा खाऱ्या पाण्याच्या थराचा पर्याय मोठ्या प्रमाणावर अमलात आला तो १९९६ मध्ये.

जागा होती उत्तर समुद्रातल्या नॉर्वेच्या हद्दीतील स्लाइपनर. तिथल्या नैसर्गिक वायूत सुमारे ९ टक्के कार्बन डायऑक्साइड होता आणि विक्रीसाठी तो अडीच टक्क्यांवर आणणे भाग होते. नॉर्वेने १९९१ मध्ये समुद्रातील तेल-वायू उत्पादनावर कार्बन कर बसवलेला असल्याने वेगळा काढलेला वायू हवेत सोडणे परवडणारे नव्हते. तो समुद्रसपाटीच्या सुमारे एक किलोमीटर खाली, उत्सिरा नावाच्या वालुकाश्मात, वर्षाला जवळपास दहा लाख टन या गतीने सोडला जाऊ लागला.

मॉडेल करणाऱ्यांची पुढची पंधरा वर्षे या एका जागेवर खर्ची पडली, आणि ते साहजिकच होते. १९९४ च्या मूळ भूकंपीय सर्वेक्षणाशी (जमिनीत लहरी सोडून त्यांच्या प्रतिध्वनीतून काढलेल्या चित्राशी) १९९९ चे सर्वेक्षण ताडून पाहिले तेव्हा तीन वर्षांतच वायू थराच्या माथ्याला पोचलेला दिसला. वाटेत जेमतेम मीटरभर जाडीचे शेलचे, म्हणजे चिखलापासून बनलेल्या घट्ट खडकाचे, पापुद्रे होते. आधीच्या सर्वेक्षणात ते उमटलेही नव्हते. त्यांच्याखाली अडत, पसरत आणि पुढे निसटत वायू एकूण नऊ पातळ्यांवर साठला होता. सर्वांत वरची पातळी उत्तरेकडे ज्या वेगाने लांबत गेली, तो वेग नेहमीच्या सिम्युलेशनमध्ये काही केल्या येईना. कुणी वायूचे तापमान थोडे जास्त धरून पाहिले, कुणी पारगम्यता (खडकातून द्रव किती सहज वाहतो ते) दिशेनुसार बदलली. कुणी प्रवाहाची नेहमीची समीकरणे बाजूला ठेवून उत्प्लावकता (हलक्या वायूची वर जाण्याची ओढ) आणि केशिकादाब (पाण्याने भरलेल्या बारीक छिद्रांत वायूला शिरू न देणारा दाब) या दोनच बळांवर वाट काढली. २०११ मध्ये या वरच्या पातळीची माहिती सर्वांसाठी खुली झाली आणि अनेक गटांनी तीच एक पातळी आपापल्या पद्धतीने सोडवली. त्यातून एक गोष्ट पक्की झाली: वायू छताच्या उंचसखलपणामागे जातो, त्यामुळे छताच्या नकाशातली थोड्या मीटरची चूकही त्याची सगळी वाट बदलते.

या काळात उत्सिरातला दाब मात्र म्हणावा असा वाढला नाही. थराचा विस्तार सुमारे २६,००० चौरस किलोमीटर, सच्छिद्रता तीस टक्क्यांच्या वर आणि पारगम्यता डार्सीच्या (तिच्या एककाच्या) घरात, म्हणजे भरपूर. पाण्याला सरकायला मुबलक जागा होती. हे या क्षेत्राचे भाग्य होते आणि माझ्या मते अडचणही. पहिलाच दाखला इतका उदार निघाला की वायूचा ढग कुठे जातो हाच एकमेव प्रश्न वाटू लागला.

आता कडेकडे वळू. मॉडेल साधारण काही दहा किलोमीटर लांबीरुंदीचे असते. खडक त्यापुढेही जातो, किंवा एखाद्या भ्रंशापाशी, म्हणजे खडक तुटून सरकलेल्या रेषेपाशी, तुटतो. शेवटच्या सेलमध्ये काय धरायचे? कड खुली ठेवली, म्हणजे तिथला दाब स्थिर धरला, तर हवे तेवढे पाणी निघून जाते आणि दाब चढत नाही. कड बंद केली तर थेंबही बाहेर जात नाही. नेहमीची तडजोड म्हणजे कडेच्या सेलचे छिद्र-आकारमान शंभर किंवा हजार पटींनी वाढवणे. इनपुट फाइलमध्ये ही फक्त एक ओळ असते. मधल्या लाखो सेलची सच्छिद्रता, शेलचे थर, सापेक्ष पारगम्यतेचे वक्र यांवर महिनोन्महिने घालवायचे आणि वर्षाला किती टन सोडता येतील हे बहुतांशी त्या एका ओळीने ठरवायचे, असा हा प्रकार आहे. वायूचा ढग दहा-वीस वर्षांत काही किलोमीटर पसरतो, पण दाबाची लाट कितीतरी पुढे जाते. म्हणून ढगापुरते पुरेसे मोठे मॉडेल दाबासाठी तोकडे पडते.

बंद कडेचा ढोबळ हिशोब कागदावर करता येतो. दाब १ बारने वाढला की पाणी आकसून आणि छिद्रे किंचित रुंदावून मिळणारी जागा एकूण छिद्र-आकारमानाच्या साधारण दहा हजारांत एक भाग असते. खडक न फुटता ५० बार वाढ चालेल असे धरले, तर मिळाला अर्धा टक्का. याउलट २००० नंतरच्या दशकात देशोदेशी जे साठवण-नकाशे निघाले, त्यांत १ ते ४ टक्के असे कार्यक्षमतेचे गुणक (छिद्रांतली किती जागा वायूला मिळेल ते) वापरात होते आणि त्यामागे खुली कड गृहीत होती. २००५ च्या आंतरराष्ट्रीय अहवालाने जगात किमान २,००० अब्ज टनांची तांत्रिक क्षमता असण्याची शक्यता मांडली. धोरण ठरवणाऱ्यांच्या डोक्यात हा आकडा बसला, त्यामागचे गृहीतक नाही.

प्रत्यक्षातला पहिला धक्का बेरेंट्स समुद्रातल्या स्नोव्हिट येथे बसला. एप्रिल २००८ मध्ये ट्युबोएन थरात वायू सोडायला सुरुवात झाली आणि दाब अपेक्षेपेक्षा झपाट्याने चढला. सुरुवातीचा काही भाग विहिरीजवळ मीठ साचल्यामुळे होता. ग्लायकोलचे मिश्रण सोडल्यावर तो कमी झाला. पण मागची हळूहळू होणारी वाढ थांबेना. तो खडक जुन्या नदीपात्रांचा, भ्रंशांनी तुकडे पाडलेला होता, म्हणजे कड जवळच आणि बरीचशी बंद. २०११ मध्ये त्याच विहिरीतून वरच्या स्टो थरात वायू वळवण्यात आला. प्रकल्प वाचला तो वर दुसरा थर हाताशी होता म्हणून.

अल्जीरियातल्या इन सलाहला अशी सोय नव्हती. तिथे २००४ पासून सुमारे २० मीटर जाडीच्या, कमी पारगम्यतेच्या वालुकाश्मात वायू सोडला जात होता. उपग्रहांच्या रडारने वाळवंटाचा पृष्ठभाग वर्षाला काही मिलिमीटर उचलला जात असल्याचे टिपले. एका विहिरीवर हा उंचवटा सलग न दिसता दोन समांतर पट्ट्यांत दिसला, आणि खाली जवळपास उभी भेग उघडली असेल तरच असा आकार जुळतो, असे विश्लेषण पुढे आले. केवळ प्रवाहाचे मॉडेल इथे अपुरे होते. खडकाचे ताण त्याला जोडल्याशिवाय उत्तर मिळेना. २०११ मध्ये वायू सोडणे थांबवण्यात आले, तोवर सुमारे ३८ लाख टन आत गेले होते. या क्षेत्रात एका उपग्रहचित्राने इतके शिकवल्याचे दुसरे उदाहरण मला माहीत नाही.

याच सुमारास, २०१० मध्ये, तेल-अभियांत्रिकीच्या अंगाने एक निबंध आला. सगळे थर शेवटी बंदच असतात, क्षमता एक टक्क्याहूनही कमी, म्हणून ही साठवण व्यवहार्य नाही, असा त्याचा सूर होता. उत्तरे तिखट आली. त्यांतला खरा मुद्दा भूजलशास्त्राचा होता: शेलचे छत केशिकादाबामुळे वायू अडवते, पण पाण्याला तेच छत पूर्ण अभेद्य नसते. पारगम्यता अगदी कमी असली तरी शेकडो चौरस किलोमीटरच्या छतातून दशकानुदशके झिरपणारे पाणी दाब लक्षणीय उतरवू शकते. २००८ च्या आसपासच्या अभ्यासांनी हे दाखवले होते आणि अशा थरांना 'अर्धबंद' म्हटले होते. मला हीच बाजू जास्त पटते. तरी निबंधाने एक काम केले हे मानले पाहिजे: कड कशी धरली, हे सांगितल्याशिवाय क्षमतेचा आकडा मांडणे अवघड झाले. चर्चाही 'एकूण साठा किती' यावरून 'वर्षाला किती टन आणि किती वर्षे' इकडे सरकली. २०१२ मध्ये दाबवाढीने भूकंप होण्याचा मुद्दा त्यात भरीला आला. २०१६ मध्ये ओक्लाहोमात ५.८ तीव्रतेचा भूकंप झाला. तो सांडपाणी खोल सोडण्याशी जोडला गेला असला, तरी कारण तेच, दाब.

नियमांत हा धडा अर्धामुर्धा उतरला. अमेरिकेच्या २०१० च्या नियमांत तपासणीचे क्षेत्र ठरवताना दाबाची लाटही धरावी लागते आणि निदान दर पाच वर्षांनी मॉडेल पुन्हा तपासावे लागते. युरोपच्या २००९ च्या निर्देशात, दाबाने जोडलेल्या एकाच खडकात दोन जागा असतील तर दोन्ही एकाच वेळी नियमांत बसल्या पाहिजेत, अशी अट आहे.

पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या बॅरो बेटावरच्या गॉर्गन प्रकल्पाने तर थरातले पाणी उपसून दाब कमी ठेवण्याची योजना सुरुवातीपासून आखली होती. वायू सोडणे २०१९ मध्ये सुरू झाले, पण उपशाच्या विहिरींना वाळूचा त्रास झाला आणि अलीकडच्या वर्षांत वायूचा दर ठरलेल्याच्या निम्म्याच्या आसपास राहिला. २०२५ च्या एका अभ्यासाने भूकंपप्रवण, दाट वस्तीचे आणि संरक्षित प्रदेश वगळून जगासाठी सुमारे १,४६० अब्ज टनांची सावध मर्यादा मांडली. तांत्रिक क्षमतेचे जे अंदाज तोवर प्रचलित होते, ते २००५ च्या किमान आकड्याहून कितीतरी मोठे होते; त्यांच्या ही जेमतेम आठवा भाग आहे.

सध्या लक्ष आहे ते उत्तर समुद्राच्या दक्षिण भागावर. ब्रिटनने २०२३ मध्ये एकाच फेरीत कार्बन साठवणीचे २१ परवाने दिले, आणि या दक्षिण भागातला बंटर वालुकाश्म एकाहून अधिक जागांखालून जातो. त्यातल्या एंड्युरन्स या जागेपासून काही अंतरावर हा खडक समुद्रतळावर उघडा पडला आहे. म्हणजे इथली कड खरोखरच खुली: दाबाला वाट आहे, आणि सरकलेले खारे पाणी तिथून समुद्रात येणार. ते किती येईल आणि शेजारच्या जागांचा दाब त्यात किती भर घालेल, हे काढायला आता एकेका जागेचे मॉडेल पुरत नाही, सगळे खोरे एकत्र घ्यावे लागते.