चंद्राच्या आकडेमोडीपासून मॅक्सिमापर्यंत

फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ शार्ल-यूजीन दलोने यांनी चंद्राची गती सूत्रात बसवायला घेतली, तेव्हा हाताशी कागद आणि लेखणी एवढीच साधनं होती. सूर्याच्या ओढीमुळे चंद्राची कक्षा सतत बदलते. दलोने यांनी कक्षेची लंबवर्तुळता, तिचा कल वगैरे सगळं अक्षरांतच ठेवलं. आकडे घालायचे ते अगदी शेवटी. आकडेमोडीला दहा वर्षं लागली, ती तपासायला आणखी दहा. १८६० आणि १८६७ मध्ये दोन जाडजूड खंड निघाले. १८७२ मध्ये फ्रान्समधल्या शेरबूरजवळ होडी उलटून दलोने बुडाले. एवढं काम पुन्हा कोण तपासणार?

१९७० मध्ये ते यंत्राने तपासलं. सिएटलच्या बोइंग प्रयोगशाळेत आंद्रे दप्री, जाक आंरार आणि अर्नोल्ड रोम यांनी तेच गणित संगणकावर चालवलं. सुमारे वीस तासांत उत्तर आलं आणि चुका सापडल्या फक्त तीन. त्यातल्याही दोन पहिलीच्याच पोटातून निघालेल्या. मला यंत्राच्या वेगापेक्षा दलोने यांच्या हाताचं कौतुक जास्त वाटतं.

संगणक अक्षरांशी खेळायला, म्हणजे दलोने यांच्यासारखं अक्षरांतलं गणित करायला लागला तो १९५३ च्या सुमारास, अमेरिकेत विकलनाच्या (डिफरन्सिएशन) दोन छोट्या प्रोग्रॅमपासून. विकलनाचे नियम ठरलेले, त्यामुळे ते सोपं. संकलनाला (इंटिग्रेशन) मात्र युक्ती लागते. १९६१ मध्ये अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठात जेम्स स्लेगल यांच्या ‘सेंट’ या प्रोग्रॅमने ८६ पैकी ८४ उदाहरणं सोडवली, तीही विद्यार्थ्यासारखी अंदाज बांधत. त्या दशकाच्या अखेरीस रॉबर्ट रिश यांनी अंदाजाऐवजी रीतसर पद्धत मांडली. एखाद्या फलाचं (फंक्शन) संकलन नेहमीच्या फलांत मांडता येतच नसेल, तर तेही ती सांगू शकते.

खरी डोकेदुखी निराळीच होती. शाळेतला मसावि घ्या. एक बहुपदी आठव्या घाताची, दुसरी सहाव्या, सहगुणक एक-दोन अंकी. युक्लिडच्या रीतीने, अपूर्णांक टाळत भागाकार करत गेलं तर शेवटची बाकी ३५ अंकी येते. आणि मसावि? फक्त १! उत्तर एवढंसं, पण वाटेतली पदावली फुगून यंत्राची मेमरी खाऊन टाकते. जॉर्ज कॉलिन्स आणि डब्ल्यू. एस. ब्राउन यांनी यावर तोड काढली नसती, तर अक्षरांतलं गणित करणारी पुढची पॅकेजं मोठ्या गणितांत अडकली असती.

एमआयटीत १९६८ मध्ये ‘मॅकसिमा’ (Macsyma) सुरू झाला, म्हणजे अक्षरांतलं गणित करणाऱ्या आजच्या ‘मॅक्सिमा’ (Maxima) पॅकेजचा पूर्वज. भौतिकीतल्या लांबलचक गणितांसाठी मार्टिनस वेल्टमन यांनी ‘स्कूनस्किप’ हे पॅकेज त्याआधीच, १९६३ मध्ये लिहिलं होतं. पुढे १९८८ मध्ये ‘मॅथेमॅटिका’ आलं, पण ते विकत घ्यावं लागे. ‘मॅकसिमा’ची एक आवृत्ती अमेरिकेच्या ऊर्जा खात्याकडे होती. ती वर्षानुवर्षं सांभाळणाऱ्या विल्यम शेल्टर यांनी १९९८ मध्ये ती मुक्त परवान्याखाली वाटायची परवानगी मिळवली. आजचं मॅक्सिमा ते हेच, फुकट उतरवून घेता येणारं.