टायटॅनिक ही क्रूझ नव्हती

आमच्या यवतमाळ-वाशिमच्या पट्ट्यात समुद्र पाहिलेली माणसं कमी. पण हॉटेल मॅनेजमेंट करून जहाजावर लागलेलं एखादं पोरगं आता गावागावांत सापडतं. त्याचा फोटो मोबाइलवर फिरला की पानठेल्यावर ठरलेला प्रश्न येतो, "टायटॅनिकवानी हाये काय? डुबत त नाही ना?" काळजी रास्त आहे, पण पोरगं असतं क्रूझ जहाजावर आणि टायटॅनिक होतं लायनर. दोन्ही प्रवासी जहाजं, दोन्ही अवाढव्य, दोन्हींवर झुंबरं आणि बँडबाजा, घोटाळा होणारच.

प्रवासी उतरतो कुठे, हे विचारलं की निम्मा गुंता सुटतो. लायनरवर चढणाऱ्याला पलीकडे पोचायचं असे. ठरलेली दोन बंदरं, ठरलेल्या तारखा, आणि हवा कशीही असली तरी निघायचंच, कारण पोटात सरकारी टपाल असे. टायटॅनिकच्या नावाआधीचं 'आर.एम.एस.' म्हणजे रॉयल मेलचंच बिरूद. मुंबईच्या बॅलार्ड पियरहून इंग्लंडला सुटणारी पी अँड ओ कंपनीची जहाजंही याच जातीची. 29 ऑगस्ट 1931 रोजी गांधीजी गोलमेज परिषदेला निघाले ते त्यांपैकीच 'राजपुताना'ने; वर्ध्याला येऊन राहायला त्यांना अजून अवकाश होता. अमरावती जिल्ह्यातल्या पापळचे पंजाबराव देशमुख शिकायला इंग्लंडला गेले तेही समुद्रमार्गेच. यांपैकी कोणी 'क्रूझ' केली नाही. दुसरी सोयच नव्हती.

क्रूझवाला बहुधा जिथून चढला तिथेच उतरतो. मधली बंदरं फिरून पाहायची, आणि खरं तर जहाजावरच राहायला पैसे भरायचे. गंमत अशी, की हा धंदा लायनरवाल्यांनीच काढला. हिवाळ्यात अटलांटिक ओलांडणारी गिऱ्हाइकं आटायची, तेव्हा जर्मनीतल्या हॅम्बुर्गच्या जहाज कंपनीचे अल्बर्ट बॅलिन यांनी 1891 मध्ये 'ऑगुस्टा व्हिक्टोरिया' हे लायनर सहलीसाठी भूमध्य समुद्रात धाडलं. ते जमलं, म्हणून 1900 मध्ये खास सहलींसाठीच बांधलेलं 'प्रिन्सेसिन व्हिक्टोरिया लुईझ' पाण्यात उतरलं.

आता बांधणी. हिवाळी उत्तर अटलांटिकच्या लाटा अंगावर घेत वेळापत्रक पाळायचं, तर नाळ, म्हणजे जहाजाचं पुढचं टोक, लांब आणि निमुळती लागते, पोलाद जाड लागतं आणि बूड पाण्यात खोल लागतं. क्रूझला वादळ टाळून वळसा घालायची मुभा असते. शिवाय तिला लहान बेटांच्या उथळ बंदरांत शिरायचं असतं, म्हणून ती खाली कमी खोल आणि वर उंच, चौकोनी. टायटॅनिकचं बूड साडेदहा मीटर पाण्यात असे. 2024 मध्ये प्रवासी घेऊन निघालेलं 'आयकॉन ऑफ द सीज' आकाराने त्याच्या पाचपट मोठं, तरी पाण्यात उतरतं साधारण सव्वानऊ मीटरच.

'पाचपट' म्हणताना आणखी एक घोटाळा निस्तरायला हवा. टायटॅनिक 46,328 टन, आयकॉन 2,48,663 टन, असे आकडे वाचून आपल्याकडचा माणूस लगेच क्विंटल मोजायला लागतो. पण हे वजन नाही. जहाजाच्या आतली बंदिस्त जागा मोजणारा हा आकडा. जुन्या हिशेबात शंभर घनफूट म्हणजे एक टन. सुट्ट्या कापसाची गाडी ताडपत्री बांधून दोन्ही बाजूंनी फुगलेली असते, आणि काट्यावर चढवली की वजन काहीच भरत नाही. क्रूझचे आकडे तसे फुगतात. मोजायची पद्धत पुढे थोडी बदलली, त्यामुळे जुन्या-नव्या आकड्यांची तुलना अंदाजानेच करावी.

मुंबईहून 2021 पासून फिरलेल्या, कॉर्डेलिया या क्रूझ कंपनीच्या 'एम्प्रेस'चंच घ्या. 1990 साली 'नॉर्डिक एम्प्रेस' म्हणून बांधलेलं हे जहाज 48,563 टनांचं, म्हणजे कागदावर टायटॅनिकपेक्षा थोडं मोठंच. लांबी मात्र 211 मीटर, आणि टायटॅनिक 269 मीटर. जागा लांबीत नाही, उंचीत काढलेली आहे. हे एका वाक्यात सांगितलं तरी फोटो बघताना नजर बदलते.

पण हा फरक सगळ्यात उघडा पाडला तो एका जहाजाने, जे आधी लायनर होतं आणि नंतर क्रूझ झालं. फ्रान्समधल्या सँ-नाझेरच्या कारखान्यात बांधलेलं 'फ्रान्स' 1962 मध्ये ल हाव्र ते न्यूयॉर्क धावू लागलं. लांबी 316 मीटर, वेग तीस नॉटच्या वर, म्हणजे ताशी 55 किलोमीटरहून जास्त. जन्मालाच ते उशिरा आलं होतं. 1958 पासून जेट विमानं अटलांटिक काही तासांत ओलांडत होती. फ्रेंच सरकार पैसे ओतत राहिलं, मग 1973 मध्ये तेल भडकलं आणि 1974 मध्ये सरकारने हात वर केले. त्या सप्टेंबरात खलाशांनी जहाज ताब्यात घेऊन ल हाव्रच्या तोंडाशी नांगर टाकला आणि बंदराची वाट अडवली. उपयोग झाला नाही. पुढे काही वर्षं ते धक्क्याला नुसतं बांधून होतं.

1979 मध्ये नॉर्वेच्या क्नूट क्लोस्टर यांनी ते घेतलं, 'नॉर्वे' असं नाव दिलं आणि जर्मनीतल्या ब्रेमरहाफेनला नेऊन बदलून घेतलं. काय बदललं ते पाहा: पुढची इंजिनरूम बंद, जहाज पुढे ढकलणाऱ्या बुडाच्या चार पंख्यांपैकी दोन काढून टाकले, कारण कॅरिबियनमध्ये घाई कोणाला? पहिला वर्ग आणि टुरिस्ट वर्ग यांच्यातली आडकाठी काढली. मागच्या उघड्या डेकवर पोहण्याचा तलाव आला. 1990 मध्ये वर आणखी दोन मजले चढवले. बूड मात्र बदलता येईना. बेटांच्या बंदरांत ते शिरत नव्हतं, म्हणून दोन मोठ्या होड्या पुढच्या डेकवर लादून नेत आणि त्यांतून प्रवासी किनाऱ्यावर सोडत. लायनरला क्रूझ करायचं म्हणजे काय, ते या दोन होड्यांनी दाखवलं. माझ्या मते तरीही ते कोणत्याही नव्या क्रूझपेक्षा देखणं होतं.

25 मे 2003 रोजी मायामीत त्याचा बॉयलर फुटला आणि आठ कामगार गेले. त्यानंतर ते प्रवासी घेऊन कधीच निघालं नाही. शेवट आपल्याच देशात झाला. 2006 मध्ये 'ब्लू लेडी' या नावाने ते गुजरातच्या अलंगला आलं. आत ॲस्बेस्टॉस हा आरोग्याला घातक पदार्थ असल्यामुळे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. 2007 मध्ये परवानगी मिळाली आणि ते तोडलं गेलं. नाळेचं टोक तेवढं वाचलं, 2009 मध्ये पॅरिसच्या लिलावात विकायला.

मग आज लायनर उरलं आहे का? एक आहे, 'क्वीन मेरी 2'. तेही सँ-नाझेरलाच बांधलेलं, जिथे 'फ्रान्स' आणि मुंबईची 'एम्प्रेस' बांधली गेली. 345 मीटर लांब, तीस नॉटच्या आसपास वेग, लांब नाळ, आणि लाइफबोटी इतर क्रूझ जहाजांपेक्षा उंचावर, लाटेच्या माऱ्याबाहेर. 2004 पासून ते साउथॅम्प्टन ते न्यूयॉर्क ठरलेल्या फेऱ्या करतं. बाकी दिवसांत, विशेषतः हिवाळ्यात, ते काय करतं? बॅलिनसाहेबांनी 1891 मध्ये लावून दिलेलंच काम: सहली.